सहकारी बँकांतील बढतीचे तंटे व त्यांवरील कायदेशीर उपाय

दुकानाच्या गल्ल्यावर बसणाऱ्या माणसास एक गोष्ट कोणी शिकवावी लागत नाही. मालाचा भाव थोडा अधिक लागला, तर गिऱ्हाईक घासाघीस करून गप्प बसते. परंतु तराजूतच खोट आहे असा संशय त्याच्या मनात एकदा शिरला, की ते पुन्हा त्या दुकानाची पायरी चढत नाही. नोकरीतही असेच आहे. पगार थोडा कमी असला तरी मनुष्य निभावून नेतो. पण आपल्या मागून आलेला सहकारी आपल्या डोक्यावरून वर गेला, आणि तो कशामुळे गेला हे कोणीच सांगत नाही, ही सल तो रोज संध्याकाळी घरी घेऊन जातो.

आपल्या सभासदांपैकी कित्येकजण सहकारी बँकांचे भागधारक आहेत, काहीजण संचालक मंडळावर बसतात. आणि आपल्याच घरांतील मुले, मुली, सुना या बँकांत कारकून, रोखपाल वा अधिकारी म्हणून नोकरी करतात. म्हणजे बढती देणाराही आपला आणि बढतीस मुकणाराही आपलाच. असा तंटा उद्भवला म्हणजे दोन्ही बाजूंची पहिली अडचण एकच असते: दाद मागावयाची कोठे? चुकीच्या दारात उभे राहून वर्षे वाया घालविल्याची उदाहरणे कायद्याच्या ग्रंथांत पुष्कळ आहेत. यास्तव हा विषय सभासदांपुढे व त्यांच्या कुटुंबियांपुढे सोप्या शब्दांत मांडण्याचे योजिले आहे.

पेढी आणि सहकारी बँक

आपले सचिन हे एके काळी हबशी नवाबांचे छोटे संस्थान होते. १७९१ साली स्थापन झालेले हे संस्थान १९४८ मध्ये मुंबई प्रांतात विलीन झाले, १९६० साली गुजरात राज्य झाल्यावर सुरत जिल्ह्यासह गुजरातेत राहिले, आणि २०२० मध्ये हे गाव सुरत महानगरपालिकेच्या हद्दीत आले. औद्योगिक वसाहतीतील कापडाच्या गिरण्या आणि विशेष आर्थिक क्षेत्रातील हिऱ्यांचे कारखाने यांमुळे येथे गुजराथी, मारवाडी आणि खानदेशातून तापीकाठच्या रेल्वेने आलेली मराठी कुटुंबे एकत्र नांदत आहेत. अशा गावात खाते उघडावयाचे, कर्ज काढावयाचे, हुंडीचा भरणा करावयाचा, तर सहकारी बँकेवाचून चालत नाही.

सतराव्या शतकात सुरतेचे जैन व्यापारी वीरजी व्होरा यांची पेढी इंग्रजांच्या ईस्ट इंडिया कंपनीसही कर्ज देत असे. पेढी ही शेठजींची असते. मुनीम कोणास करावयाचे हे शेठजींनी ठरवावे. त्यांचे भांडवल, त्यांची जोखीम. पुढे काळ बदलला. १८८९ साली बडोद्यात विठ्ठल लक्ष्मण कवठेकर यांनी अन्योन्य सहाय्यकारी मंडळी स्थापन केली. सुरतेत १९२२ साली पीपल्स को-ऑपरेटिव्ह बँक निघाली. सहकारी बँकेचे भांडवल शेकडो सभासदांचे असते. संचालक तेथे मालक नसून विश्वस्त असतात. म्हणून पेढीवरचा ‘शेठजींची मर्जी’ हा नियम बँकेत चालत नाही, आणि बढतीच्या बहुतेक तंट्यांचे मूळ हा फरक विसरण्यात असते.

हक्क बढतीचा नव्हे, विचाराचा

विषय समजण्यासाठी एक कल्पित उदाहरण घेऊ. एका बँकेत एक वरिष्ठ कारकून अठरा वर्षे काम करीत आहे. अधिकाऱ्याची एक जागा रिकामी झाली. ज्येष्ठता-यादीत त्याचे नाव पहिले. तथापि संचालक मंडळाने चौथ्या क्रमांकाच्या कर्मचाऱ्यास ती जागा दिली. प्रश्न केवळ मानाचा नाही. मूळ वेतन वाढले नाही म्हणून भविष्यनिर्वाह निधीतील भर कमी पडते, आणि उपदान अखेरच्या वेतनावर ठरत असल्याने निवृत्तीच्या दिवशीही तोटा होतो. एका ठरावाची किंमत त्या कुटुंबास आयुष्यभर मोजावी लागते.

आता या कारकुनाचा हक्क नेमका कोणता? आपल्या न्यायालयांनी अनेकवार सांगितले आहे, की बढती मिळणे हा हक्क नव्हे. बढतीसाठी आपला न्याय्य विचार होणे हा हक्क आहे. विचार न्याय्य झाला की नाही, हे बँकेने स्वतः ठरविलेल्या कसोटीवरून पाहिले जाते.

ही कसोटी बहुधा दोन प्रकारची असते. पहिली ‘ज्येष्ठता-सह-गुणवत्ता’ आणि दुसरी ‘गुणवत्ता-सह-ज्येष्ठता’. शब्द तेच, पण क्रम बदलला की अर्थ बदलतो. ग्रामीण बँकांतील बढत्यांसंबंधी १९९८ साली सर्वोच्च न्यायालयापुढे बी. व्ही. शिवय्या या नावाने ओळखला जाणारा खटला आला. ज्येष्ठता-सह-गुणवत्ता हा नियम असेल, तर कामास आवश्यक अशी किमान पात्रता ठरवावी. ती ज्यांनी गाठली त्यांच्यामध्ये ज्येष्ठास अग्रक्रम द्यावा. कनिष्ठास चार गुण अधिक मिळाले म्हणून त्यास वर नेता येणार नाही, असा त्या निर्णयाचा आशय आहे. उलट गुणवत्ता हीच मुख्य कसोटी असेल, तर ज्येष्ठतेचा उपयोग गुण सारखे पडल्यास होतो. म्हणून आपल्या कारकुनाने सर्वप्रथम बँकेचे सेवानियम हाती घेऊन कोणती कसोटी लिहिली आहे ते पाहावे. नियम गुणवत्तेचा असून चौथ्या क्रमांकाचा उमेदवार खरोखर सरस ठरला असेल, तर मनास वाईट वाटले तरी कायद्याने तक्रार टिकणार नाही.

पहिले दार बँकेच्या आतच

नियम मोडला आहे अशी खात्री झाल्यावर पहिला उपाय म्हणजे लेखी अर्ज. तोंडी गाऱ्हाणे वाऱ्यावर जाते. आपण व्यापारी लोक तर उधारीसुद्धा वहीत लिहिल्यावाचून मानीत नाही. अर्जात बढतीच्या ठरावाची तारीख, ज्येष्ठता-यादीतील दोघांचे क्रमांक, लागू असलेला नियम आणि मागणी एवढेच लिहावे, आणि पोहोच घ्यावी. कोणावर दोषारोप करू नये. पक्षपाताचा आरोप करणे सोपे, पण सिद्ध करण्याचा भार आरोप करणाऱ्यावरच पडतो.

ज्या आस्थापनेत २० वा अधिक कामगार आहेत, तेथे गाऱ्हाणे-निवारण समिती असावी अशी तरतूद कायद्यात आहे. १९४७ च्या औद्योगिक विवाद कायद्याच्या जागी आलेली औद्योगिक संबंध संहिता, २०२० ही २१ नोव्हेंबर २०२५ पासून अमलात आली आहे. तिच्याप्रमाणे या समितीत मालक आणि कामगार यांचे प्रतिनिधी समान संख्येने असतात. तक्रारीचे कारण घडल्यापासून एका वर्षात अर्ज करावा लागतो. समितीने ३० दिवसांत काम पुरे करावयाचे असते. आणि निर्णय मान्य नसल्यास ६० दिवसांत आपल्या संघटनेमार्फत समेट अधिकाऱ्याकडे जाता येते. ही मुदत ध्यानात ठेवावी.

येथे एक बारीक गोष्ट आहे. नोकरीवरून काढले गेल्यास एकटा कामगारही औद्योगिक तंटा उभा करू शकतो, ही सोय जुन्या कायद्यात १९६५ साली झाली. परंतु बढतीच्या बाबतीत ती सोय नव्हती; तेथे संघटनेने वा सहकाऱ्यांच्या पुरेशा गटाने प्रश्न हाती घ्यावा लागे. आजही समेट अधिकाऱ्याकडची वाट संघटनेतूनच जाते. संघटनेची वर्गणी वाचविणाऱ्या कर्मचाऱ्यांस हे सहसा तंटा उद्भवल्यावरच कळते.

निबंधक की कामगार न्यायालय?

आता या विषयातील मुख्य गाठ. सहकारी संस्थांच्या कायद्यांत संस्थेचे तंटे सोडविण्याची स्वतंत्र व्यवस्था केलेली असते. गुजरातच्या १९६१ च्या सहकारी संस्था कायद्यातील कलम ९६ प्रमाणे संस्थेची घटना, व्यवस्थापन वा व्यवसाय यांस स्पर्श करणारा तंटा निबंधकाकडे जातो. त्याने नेमलेले प्रतिनिधी तो ऐकतात, आणि त्यांच्या निर्णयावर सहकारी न्यायाधिकरणाकडे अपील चालते. या कलमात संस्थेच्या नोकराचाही उल्लेख आहे. त्यावरून असे वाटणे साहजिक, की बढती देणे हा व्यवस्थापनाचा भाग, तेव्हा बढतीचा तंटाही निबंधकाकडेच जावा. बँकाही बहुधा हाच बचाव करीत आल्या.

या प्रश्नाचा उलगडा सर्वोच्च न्यायालयाने तीन पायऱ्यांनी केला. पहिली पायरी १९६८ ची. डेक्कन मर्चंट्स को-ऑपरेटिव्ह बँकेच्या इमारतीतील भाडेकरूसंबंधीचा वाद महाराष्ट्राच्या कायद्यातील अशाच कलमाखाली निबंधकाच्या प्रतिनिधीकडे चालेल काय, असा प्रश्न होता. ‘व्यवसाय’ म्हणजे संस्था जे जे करते ते सर्व नव्हे, तर आपल्या कायद्यास व पोटनियमांस धरून ती जो प्रत्यक्ष व्यापार-व्यवहार करते तेवढाच, असा अर्थ न्यायालयाने लावला. शब्दाचे क्षेत्र अशा रीतीने आवरले गेले.

दुसरी पायरी १९६९ ची, आंध्र प्रदेशातील मध्यवर्ती सहकारी बँकांच्या खटल्यातील. कर्मचाऱ्यांच्या सेवाशर्ती बदलण्याविषयीचा तंटा औद्योगिक न्यायाधिकरणाकडे सोपविला गेला होता आणि बँकांची हरकत होती, की हे काम निबंधकाचे. न्यायालयाने हरकत फेटाळली. निबंधक संस्थेच्या नियमांच्या चौकटीतच निर्णय देऊ शकतो; नव्या सेवाशर्ती निर्माण करण्याचा अधिकार त्यास नाही; तो औद्योगिक न्यायाधिकरणास आहे. मग जो दाद देऊच शकत नाही त्याच्याकडे दाद मागण्यास सांगणे व्यर्थ होय. याच निर्णयात आणखी एक महत्त्वाचा सिद्धांत आहे: सहकारी संस्थेचे पोटनियम हे कंपनीच्या अंतर्गत नियमावलीसारखे असतात, त्यांस विधिमंडळाच्या कायद्याचे बळ नसते.

तिसरी पायरी आपल्या गुजरातची. १९७९ साली गुजरात राज्य सहकारी भूविकास बँकेच्या एका कर्मचाऱ्याचे प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले. त्यास नोकरीतून कमी केले होते आणि त्याने १९४६ च्या मुंबई औद्योगिक संबंध कायद्याखाली कामगार न्यायालयात दाद मागितली होती. बँकेने कलम ९६ पुढे केले. या कलमात ‘व्यवस्थापन’ हा शब्द असूनही न्यायालयाने सांगितले, की नोकरीवर परत घेण्याची मागणी करणारा असा तंटा त्या शब्दात बसत नाही. कामगार न्यायालय देऊ शकते ती दाद निबंधकाचा प्रतिनिधी देऊ शकत नाही. या निकालाने गुजरातच्या सहकारी बँकांतील सामान्य कर्मचाऱ्यासाठी कामगार न्यायालयाचे दार निश्चित उघडे झाले. तो खटला बडतर्फीचा होता, बढतीचा नव्हे, हे खरे. परंतु बढतीच्या तंट्यातही मागितली जाणारी दाद सेवेसंबंधीचीच असल्याने तोच युक्तिवाद पुढे चालतो.

महाराष्ट्रात ही गाठ विधिमंडळानेच सोडविली आहे. तेथील १९६० च्या कायद्याच्या कलम ९१ मध्ये औद्योगिक तंटा वगळल्याचे स्पष्ट लिहिले आहे. शिवाय नंदुरबार, धुळे, जळगाव या भागांत ज्यांचे नातलग बँकांत आहेत त्यांनी महाराष्ट्राचा १९७१ चा अनुचित कामगार प्रथा प्रतिबंधक कायदा लक्षात घ्यावा. गुणवत्ता न पाहता एका गटावर मेहेरनजर करणे ही त्या कायद्याने अनुचित प्रथा ठरविली असून, तक्रारीची मुदत सामान्यतः ९० दिवसांची आहे. दोन राज्यांत शाखा असलेली बहुराज्य सहकारी बँक असेल, तर २००२ चा केंद्रीय कायदा लागू होतो. त्याच्या कलम ८४ मध्ये लवादाची सोय आहे, पण औद्योगिक तंटा आणि पगारी नोकरावरील शिस्तभंगाची कारवाई हे दोन विषय त्यातूनही वगळले आहेत.

केंद्रीय कायद्यातही अनुचित प्रथांची यादी आहे. १९८४ पासून जुन्या कायद्यात असलेली ही यादी नव्या संहितेतही आली आहे. संघटनेच्या कार्यामुळे एखाद्याची बढती रोखणे, कामगारांत फूट पाडण्यासाठी लायकी नसलेल्यास बढती देणे, संघटनेच्या कार्यामुळे ज्येष्ठतेचा क्रम बदलणे, हे प्रकार तीत नावानिशी आहेत. तेव्हा बढतीचा प्रश्न कामगार कायद्याच्या कक्षेबाहेरचा आहे असे कोणी म्हणेल, तर त्यास ही यादी दाखवावी.

अधिकारीवर्गाची बिकट वाट

मात्र हे दार सर्वांसाठी नाही. कामगार न्यायालयात जाणारा मनुष्य कायद्याच्या व्याख्येप्रमाणे ‘कामगार’ असावा लागतो. मुख्यत्वे व्यवस्थापकीय वा प्रशासकीय काम करणारा त्यात बसत नाही. देखरेखीचे काम करणाऱ्याचे वेतन नव्या संहितेप्रमाणे महिना १८,००० रुपयांहून अधिक असेल तर तोही बसत नाही. येथे हुद्द्याच्या नावावर जाऊ नये. दारावर ‘अधिकारी’ अशी पाटी असली तरी दिवसभर खतावणीच करावी लागत असेल, तर न्यायालय प्रत्यक्ष काम पाहते, पाटी पाहत नाही.

खरोखरच शाखाव्यवस्थापक वा त्यावरील अधिकारी असेल, तर त्याची वाट अरुंद आहे. दिवाणी दाव्याचा विचार केल्यास, खाजगी नोकरीचा करार न्यायालय सक्तीने अमलात आणीत नाही, नुकसानभरपाई देते, हे सर्वसाधारण तत्त्व आड येते. संस्थेच्या व्यवस्थापनाशी वा व्यवसायाशी संबंधित कृत्याविरुद्ध दावा करण्यापूर्वी गुजरातच्या कायद्यातील कलम १६७ प्रमाणे निबंधकास दोन महिन्यांची नोटीस द्यावी लागते. ती न दिल्यास दावा उंबरठ्यावरच अडतो.

पुष्कळांस वाटते, की सरळ उच्च न्यायालयात रिट अर्ज करावा. पण सहकारी बँक ही साधारणतः घटनेच्या अर्थाने ‘राज्य’ नव्हे. हिमाचल प्रदेशातील कांग्रा मध्यवर्ती सहकारी बँकेच्या प्रकरणात २००६ साली सर्वोच्च न्यायालयाने तेथील कर्मचाऱ्याचा रिट अर्ज चालण्याजोगा नसल्याचे ठरविले. बँकेवर सरकारचे खोल व सर्वव्यापी नियंत्रण असेल, किंवा विधिमंडळाच्या कायद्याने वा त्याखालील नियमाने घातलेले बंधन मोडले असेल, तरच रिटचा विचार होतो. केवळ पोटनियम मोडला एवढ्याने तो होत नाही, कारण पोटनियमास कायद्याचे बळ नाही हे १९६९ सालीच ठरले आहे.

आणखी एक गैरसमज दूर केला पाहिजे. रिझर्व्ह बँकेने नेमलेला लोकपाल हा ग्राहकांच्या तक्रारींसाठी आहे. मालक-नोकर यांचे वाद त्याच्या कक्षेत येत नाहीत. त्याच्याकडे पाठविलेला अर्ज परत येईपर्यंत खऱ्या दाराची मुदत टळून जाण्याचा धोका असतो.

न्यायालय काय देते, काय देत नाही

समजा, आपला कारकून योग्य दारात पोहोचला आणि बँकेने नियम मोडल्याचे सिद्ध झाले. न्यायालय त्यास अधिकाऱ्याच्या खुर्चीत बसवील काय? बहुधा नाही. ब्रुक बाँड कंपनीच्या जुन्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने घालून दिलेला दंडक असा, की बढती देणे हे व्यवस्थापनाचे काम आहे. व्यवस्थापनाने दुष्ट हेतूने वा सूडबुद्धीने कोणास डावलले असे आढळले, तर न्यायाधिकरण त्या बढत्या रद्द करून डावललेल्यांचा पुन्हा विचार करण्यास सांगू शकते, परंतु कोणास बढती द्यावी हे स्वतः ठरवू शकत नाही. म्हणजे तराजू खोटा असल्यास न्यायालय तो बदलावयास लावते. तोलण्याचे काम पुन्हा बँकेनेच करावयाचे. हे आधी समजून घेतले म्हणजे पदरी निराशा येत नाही आणि वकिलास मागणीही योग्य शब्दांत मांडता येते.

विलंब हा या प्रकरणांतील सर्वांत मोठा शत्रू आहे. कनिष्ठास आपल्यावर बढती मिळाल्याची तक्रार असेल, तर सहा महिन्यांत, किंवा फार तर एका वर्षात, न्यायालयाकडे यावे, असे सर्वोच्च न्यायालयाने १९७४ साली तमिळनाडूतील एका सरकारी नोकराच्या प्रकरणात म्हटले. याचे कारण उघड आहे. ज्यास बढती मिळाली त्याने नवी जबाबदारी घेतली, संसाराची घडी तीवर बसविली. दहा वर्षांनी ती मोडणे हाही एक अन्यायच. याच न्यायाने, ज्याची बढती रद्द करण्याची मागणी आहे त्यास प्रतिपक्ष म्हणून सामील केलेच पाहिजे. ज्याचे नुकसान होणार त्याचे म्हणणे ऐकल्याशिवाय निकाल देऊ नये, हे आपल्या अनेकान्तदृष्टीलाही मानवणारेच आहे.

एक सूचना अनुभवी वकील नेहमी देतात, ती येथे नमूद करतो. २०२५ च्या अखेरीस कायदा बदलल्यामुळे कोणते पीठ कोणत्या तारखेच्या तंट्यास लागू, याची चौकशी अर्ज दाखल करण्याच्या दिवशीच करावी. दार शोधण्याची तत्त्वे वर सांगितलीच आहेत. दारावरची पाटी मात्र बदलत असते.

संचालकांस दोन शब्द

हा लेख केवळ कर्मचाऱ्यांसाठी नाही. संचालक मंडळावर बसणाऱ्या आपल्या बांधवांनी मनावर घेतले, तर यांतील बहुतेक तंटे न्यायालयाचे तोंडही पाहणार नाहीत. त्यासाठी फार मोठे काही करावे लागत नाही.

ज्येष्ठता-यादी दरवर्षी प्रसिद्ध करून तीवर हरकती मागवाव्यात; यादीचा वाद बढतीच्या वेळी निघणे म्हणजे दिवाळीच्या दिवशी चोपडीतील चूक सापडण्यासारखे आहे. बढतीची कसोटी, किमान गुण, मुलाखतीस किती गुण आणि कामाच्या नोंदीस किती, हे जागा रिकामी होण्यापूर्वी ठरवून जाहीर करावे. उमेदवार समोर आल्यावर ठरविलेला नियम कितीही चांगला असला, तरी तो कोणासाठी केला असा संशय येतोच. वार्षिक गोपनीय अहवालातील शेरे कर्मचाऱ्यास कळवावेत. सरकारी सेवेसंबंधी २००८ साली सर्वोच्च न्यायालयाने, केवळ प्रतिकूलच नव्हे तर प्रत्येक शेरा कळविला पाहिजे, असे म्हटले; सहकारी बँकेनेही हे वळण घेतल्यास तिचेच हित आहे. ज्या संचालकाचा नातलग उमेदवार असेल त्याने त्या बैठकीतून उठून जावे आणि तशी नोंद इतिवृत्तात करवावी. आणि ज्येष्ठास डावलावयाचे असेल, तर त्याची कारणे ठरावात लिहावीत. दोन ओळींची ही कारणे पुढे दोन वर्षांचा खटला वाचवितात.

एखाद्या कर्मचाऱ्यावर चौकशी चालू असेल तर त्याचे नाव सरळ गाळू नये. सरकारी सेवेत अशा वेळी शिफारस बंद लखोट्यात ठेवतात आणि तो निर्दोष सुटल्यास लखोटा उघडतात. १९९१ साली सर्वोच्च न्यायालयाने सांगितले, की नुसती कुजबुज वा प्राथमिक चौकशी लखोट्यास पुरेशी नाही. रीतसर आरोपपत्र दिलेले असले पाहिजे. ही पद्धत बँकेच्या सेवानियमांत घालून घेतल्यास संस्थेचेही रक्षण होते आणि मनुष्याचेही.

आपल्या श्रावकधर्मात अचौर्याणुव्रताचे जे अतिचार सांगितले आहेत, त्यांत देण्याघेण्यासाठी कमीअधिक मापे वापरणे हा एक आहे. दुसऱ्याच्या तिजोरीस हात न लावताही केवळ मापाने चोरी होते, हे आपल्या पूर्वाचार्यांनी व्यापाऱ्यांचा स्वभाव ओळखूनच सांगितले असावे. एका कर्मचाऱ्यास एका मापाने आणि दुसऱ्यास दुसऱ्या मापाने तोलणारा ठरावही त्याच जातीचा. त्यात कोणाच्या खिशातून नाणे गेलेले दिसत नाही. पण कोणाची तरी अठरा वर्षे हलकी तोलली गेलेली असतात.

संवत्सरीच्या दिवशी आपण एकमेकांस ‘मिच्छामि दुक्कडं’ म्हणतो. बँकेचा अध्यक्ष आणि बँकेचा कारकून एकाच उपाश्रयात, एकाच सतरंजीवर बसून तो शब्द उच्चारतात. त्या वेळी दोघांसही एकमेकांच्या नजरेस नजर देता यावी, यासाठी वर्षभर माप खरे ठेवणे हा पहिला उपाय आहे. तो चुकला, तर कायद्याचे दार आहे. आणि योग्य दारात, योग्य वेळी, पुराव्यानिशी जाऊन आपले म्हणणे मांडणे यात वैरभाव नाही. बाजारात खोटे वजन आढळले तर आपण ते तपासनिसाकडे नेतोच. त्याने दुकानदाराशी शत्रुत्व होत नाही, पेठेची अब्रू राहते.